प्रश्न वाचकांचे : पळडबीला कोणते नियम लावावेत?

गेल्या अंकात आम्ही वाचकांना विचारले होते, की खिशात मावेल किंवा मनगटावर बांधता येईल असे, काळावर हुकमत चालवणारे एखादे काल्पनिक यंत्र तुमच्या कथेत वा नाटकात असेल, तर ते रंगवताना तुम्हाला कोणती अडचण येते. आलेल्या पत्रांपैकी कोल्हापूर आणि परिसरातील पाच पत्रे या वेळी घेतली आहेत. पहिल्या पत्राला सर्वाधिक जागा दिली आहे, कारण बाकीच्या प्रश्नांचे मूळ त्या पत्रात आहे.

प्रश्न : महोदय, मी शाहूपुरीतील कुंभार गल्लीत राहते. आमच्या घरी गणेशमूर्ती घडवल्या जातात. दिवाळी अंकासाठी मी एक विज्ञानकथा लिहीत आहे. कथेतील मुलीला आजोबांच्या पेटीत चुनाळ्यासारखी एक पितळी डबी सापडते. मी तिचे नाव ‘पळडबी’ ठेवले आहे. झाकण उलटे फिरवले, की डबी हाती धरणारी व्यक्ती मागच्या काळात जाते. जुलै 2021 च्या महापुरात या मुलीच्या घरातील शाडूच्या सगळ्या मूर्ती विरघळून गेलेल्या असतात. ती मागे जाते, मूर्ती उंचावर हलवते आणि परत येते. कथा ऐकून माझा धाकटा भाऊ म्हणाला, “ताई, मूर्ती वाचल्या असतील, तर मग ती मागे गेलीच कशाला?” त्याला काय सांगावे ते सुचत नाही. कथा मोडीत काढावी लागेल का?

उत्तर : कथा मोडीत काढू नका, मात्र भावाच्या प्रश्नाला बगल देऊनही चालणार नाही, कारण त्याने नेमके मर्मावर बोट ठेवले आहे. मुलगी मागे जाते ती मूर्ती विरघळल्या म्हणून. मूर्ती वाचल्या, की तिच्या जाण्याचे कारणच नाहीसे होते. कारण नाहीसे झाले, की ती जात नाही. आणि ती गेली नाही, की मूर्ती पुन्हा विरघळतात. या चक्रातून सुटका करून घेतल्याशिवाय कथेला तिच्याच पायांवर उभे राहता येणार नाही.

याबाबत भौतिकशास्त्र काय म्हणते ते आधी पाहू. पुढच्या काळात इतरांपेक्षा लवकर पोहोचणे, म्हणजे स्वतःचे घड्याळ मंद चालवणे, हे निसर्गात रोज घडते आणि ते मोजलेही गेले आहे. मागे जाण्याची गोष्ट वेगळी आहे. गणितज्ञ कुर्ट ग्योडेल यांनी 1949 मध्ये आइन्स्टाइनच्या समीकरणांचे असे एक उत्तर मांडले, की ज्यातील विश्व स्वतःभोवती फिरते आणि ज्यात पुढे पुढे जाणारा प्रवासी आपल्याच भूतकाळात येऊन पोहोचू शकतो. परंतु आपले विश्व तसे फिरत असल्याचा पुरावा नाही. भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1988 मध्ये अवकाशातील दोन ठिकाणे जोडणाऱ्या बोगद्याचा उपयोग करून कालयंत्र कसे होऊ शकेल याचे गणित मांडले. ते बोगदे उघडे ठेवण्यासाठी लागणारे ऋण ऊर्जेचे, म्हणजे शून्याहूनही कमी ऊर्जा असलेले, द्रव्य आपल्याला पुरेशा प्रमाणात कोठेही मिळालेले नाही. पुढे 1992 मध्ये स्टीफन हॉकिंग यांनी असा तर्क मांडला, की निसर्गाचे नियमच भूतकाळाकडे जाणारी वाट बंद ठेवत असावेत. याच हॉकिंग यांनी 28 जून 2009 रोजी केंब्रिजमध्ये भविष्यातून येणाऱ्या प्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि तिचे निमंत्रण मेजवानी संपल्यावर जाहीर केले. कोणीही आले नाही. तेव्हा तुमची पळडबी ही निखळ कल्पना आहे. तशी ती असायला माझी काहीच हरकत नाही, परंतु तिचे नियम तुम्ही स्वतः ठरवून शेवटपर्यंत पाळले पाहिजेत.

तुमच्या भावाच्या प्रश्नातून बाहेर पडण्याच्या दोन वाटा कथाकारांनी मळवून ठेवल्या आहेत. पहिल्या वाटेने गेल्यास मुलगी मागे जाताच काळाला नवी फांदी फुटते, आणि त्या फांदीवर मूर्ती वाचतात. ही वाट सोपी दिसते, पण मला ती पटत नाही. जिथून मुलगी निघाली त्या फांदीवरच्या मूर्ती विरघळलेल्याच राहतात, आणि त्या घरातले वडील गुडघाभर चिखलात तसेच उभे राहतात. शिवाय आता त्यांची मुलगीही हरवलेली असते. म्हणजे तिने आपल्या वडिलांचे नुकसान भरून काढलेले नसते, दुसऱ्या एका घरातील वडिलांचे काढलेले असते. ही व्यथा लिहिण्याची तयारी असेल तर ती वाट घ्या. तुमच्या पत्रावरून तुम्हाला तसे लिहायचे आहे असे वाटत नाही.

दुसरी वाट रशियन शास्त्रज्ञ इगोर नोविकोव्ह यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या तत्त्वाची आहे. जे घडले ते घडलेच आहे, आणि मागे जाणाऱ्या माणसाने तेथे जे काही केले ते त्या घडलेल्यात आधीपासूनच धरलेले आहे, असे हे तत्त्व सांगते. या वाटेने गेल्यास मूर्ती वाचणार नाहीत. पण काहीतरी वाचलेले असेल, आणि ते कसे वाचले हे घरातल्या कोणालाही कधी उमगलेले नसेल.

तुमच्या व्यवसायातलेच उदाहरण घेऊ. समजा, पाणी ओसरल्यावर वडील घरात आले तेव्हा मूर्तींचा नुसता गारा उरला होता, पण साचे मात्र माळ्यावर कोरडे सापडले. वडिलांना वाटले, शेजाऱ्यांनी चढवले असतील. शेजाऱ्यांना वाटले, यांनीच नेले असतील. त्या साच्यांमुळे गौरी-गणपतीपूर्वीच्या उरलेल्या दिवसांत निदान काही मूर्ती तरी उभ्या राहिल्या. ही गोष्ट कथेच्या दुसऱ्या-तिसऱ्या परिच्छेदात सहज जाता जाता सांगून टाका. मग मुलगी मागे जाते, मूर्ती हलवायला धावते, आणि एवढ्या ओल्या, जड मूर्ती एकटीने माळ्यावर नेणे शक्य नाही हे तिच्या ध्यानात येते. पाणी उंबऱ्याशी आलेले असते. तेव्हा ती जे उचलता येईल ते उचलते. पळडबीचा हा पहिला नियम पाळला, की भावाचा प्रश्न उरत नाही, कारण मूर्ती गेल्या म्हणूनच ती आली, आणि ती आली म्हणूनच साचे राहिले.

येथे पळडबीचा दुसरा नियम येतो. मागे जाण्याची जी काही गंभीर गणिते मांडली गेली आहेत, त्यांपैकी बोगद्यांच्या यंत्रात यंत्र तयार होण्याच्या आधीच्या काळात जाता येत नाही. वाट जेथून सुरू झाली तेथपर्यंतच ती जाते. हाच नियम डबीला लावा. ती हाती धरून शिवकाळात किंवा करवीरच्या संस्थापनेच्या दिवसात जाता येणार नाही. आजोबांनी ती ज्या दिवशी पहिल्यांदा उघडली त्या दिवसापर्यंतच मागे जाता येईल. तुमच्या कथेला हा नियम फार उपयोगी पडेल, कारण मग जुलै 2021 मध्ये डबी त्याच घरात, पेटीत बंद पडून होती असे ठरवावे लागेल, आणि मुलगी तेथे पोहोचल्यावर घरात एकाच वेळी दोन डब्या असतील. मुलीने परत येताना चुकूनही पेटीतली डबी उचलून आणू नये, याची काळजी घ्या. ती आणली, तर जी डबी सापडायची तीच नाहीशी होईल. तसेच ‘डबी आजोबांना नातीनेच मागे जाऊन दिली’ असा धक्का शेवटी देण्याचा मोह झाला, तर तोही आवरा. ज्या वस्तूचा प्रवास असा वर्तुळात होतो ती कोणी घडवलेलीच नसते. आणि पितळ तर हाताळून झिजते, त्यावर चरे पडतात. प्रत्येक फेऱ्यात एक चरा वाढणारी डबी पुन्हा पहिल्या फेऱ्यातलीच कशी ठरणार? डबी कोणा कारागिराने घडवली, आणि मुलीबरोबर ती एकाच दिशेने म्हातारी होत गेली, असेच असू द्या.

तिसरा नियम जागेचा आहे, आणि बहुतेक लेखक त्याच्याकडे पाहतही नाहीत. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे 30 किलोमीटर वेगाने फिरते. एका घटिकेत, म्हणजे 24 मिनिटांत, ती सुमारे 43 हजार किलोमीटर पुढे सरकलेली असते, जे तिच्या स्वतःच्या परिघाहूनही अधिक आहे. शिवाय सूर्यच सेकंदाला दोनशेहून अधिक किलोमीटर वेगाने आकाशगंगेच्या केंद्राभोवती निघालेला आहे. केवळ काळ मागे नेणारी डबी मुलीला कुंभार गल्लीत न उतरवता निर्वात पोकळीत उतरवेल, अशी शंका विज्ञानाचा चाणाक्ष वाचक घेणारच. सापेक्षता सिद्धान्ताने येथे आपली थोडी सोय केली आहे, कारण त्याच्या मते विश्वात ‘तीच जागा’ अशी स्वतंत्रपणे ठरलेली नसते. कशाच्या संदर्भात तीच, हे आधी सांगावे लागते. म्हणून डबीला एक खुंटी द्या : ती नेहमी त्या काळातल्या स्वतःपाशीच पोहोचते. मुलगी पेटीच्या शेजारी उतरेल. दुसऱ्या आणि तिसऱ्या नियमाचे काम असे एकाच युक्तीने भागते.

चौथा नियम मोबदल्याचा, आणि नाव तुम्ही ‘पळडबी’ ठेवलेच आहे तर तो त्या नावातूनच काढा. आपल्या जुन्या मापनात दिवसाच्या 60 घटिका, घटिकेची 60 पळे आणि एक पळ 24 सेकंदांचे. भोक पाडलेली वाटी पाण्यावर तरंगत ठेवायची आणि ती बुडाली की घटिका भरली असे समजायचे, हे घटिकापात्र लग्नघरात वापरले जाई; खरे तर आपल्याकडचे उचलून नेता येणारे कालयंत्र तेच. झाकणाचा एक फेरा म्हणजे एक घटिका असे ठरवा. मुलगी पुरानंतर बरोबर तीन वर्षांनी मागे जात असेल, तर 1,096 दिवसांच्या (मध्ये 2024 हे लीप वर्ष येते) 65,760 घटिका होतात. सेकंदाला एक फेरा या गतीने न थांबता झाकण फिरवले, तरी तिला 18 तासांहून अधिक वेळ लागेल. बोटे सोलून निघतील, डोळ्यांवर झोप येईल, मोजणी चुकण्याची भीती वाटेल. मोजणी साठ फेऱ्यांनी चुकली तर ती एक दिवस अलीकडे उतरेल, आणि तोवर पंचगंगेचे पाणी गल्लीत शिरलेले असेल. त्या वर्षी राजाराम बंधाऱ्यापाशी नदीने 43 फुटांची धोका पातळी ओलांडून पन्नाशीच्याही वर मजल मारली होती; अशा वेळी एका दिवसाचे अंतर म्हणजे काय, हे तुमच्या गल्लीला मी सांगायला नको. बटण दाबताच मागे नेणाऱ्या यंत्रापेक्षा हे झाकण मला कितीतरी अधिक खरे वाटते, कारण वाचकाला त्या मुलीची इच्छा तिच्या बोटांत दिसेल.

कथा अशी बदलून लिहिलीत, तर ती आमच्याकडे अवश्य पाठवा.

प्रश्न : मी राजारामपुरीत राहणारी महाविद्यालयीन विद्यार्थिनी आहे. आमच्या एकांकिकेत एका मुलाच्या मनगटावर असे कडे आहे, की ते दाबले की सारे जग थांबते आणि तो एकटाच हिंडू-फिरू शकतो. 6 मे 2022 रोजी राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीला सकाळी 10 वाजता सगळे शहर 100 सेकंद स्तब्ध उभे राहिले होते, तो प्रसंग आम्हाला यात गुंफायचा आहे. मंचावर काय दाखवले म्हणजे ते विज्ञानाला धरून होईल?

उत्तर : तो प्रसंग निवडलात याचा मला फार आनंद झाला. त्या दिवशी वाहने, दुकाने, चौक, सारे आपण होऊन थांबले होते. कोणा यंत्राने थांबवले नव्हते. तुमच्या एकांकिकेतील फरक येथेच दिसला पाहिजे.

जग पूर्णपणे थांबले, तर प्रकाशही थांबेल. डोळ्यापर्यंत नवा प्रकाश येणार नाही, म्हणजे मुलाला काळोखाखेरीज काही दिसणार नाही. हवेचे रेणू जागच्या जागी खिळले, तर श्वास घेता येणार नाही आणि पाऊलही उचलता येणार नाही. म्हणून जग थांबवण्याऐवजी मुलालाच वेगवान करा, असा माझा सल्ला आहे. कडे दाबले की त्याचा काळ इतरांच्या काळापेक्षा भरभर चालू लागतो, आणि म्हणून त्याला इतर जण संथ दिसतात.

किती भरभर, हे मात्र विचारपूर्वक ठरवा. हजारपट ठरवले तर काय होईल ते पाहा. प्रकाशाच्या लहरी त्याला हजारपट लांब भासतील. हिरव्या रंगाची लहर अर्ध्या मिलीमीटरहून लांब होईल आणि ती डोळ्याला दिसणार नाही. पुन्हा अंधारच. कोणताही स्वर त्याला ऐकू येणार नाही, कारण सेकंदाला दोनशे कंपने होणारा स्वर त्याच्या दृष्टीने पाच सेकंदांत एकदाच कंप पावेल. त्याचे साधे चालणे, ताशी 5 किलोमीटरचे, बाहेरून पाहणाऱ्याला ताशी 5 हजार किलोमीटरचे दिसेल, म्हणजे ध्वनीच्या चौपट. त्याने प्रेमाने एखाद्याच्या खांद्यावर हात ठेवला, तरी तो हात रायफलच्या गोळीपेक्षा अधिक वेगाने येऊन आदळेल. थांबलेल्या जगात वावरून कोणाच्या खिशातली चिठ्ठी बदलायची किंवा कोणाला धक्क्यातून वाचवायचे, असे प्रसंग आपण नेहमी पाहतो. या वेगाला त्यांतला एकही शक्य नाही.

दुप्पट वेग ठरवलात, तर मात्र रंगभूमीच्या दृष्टीने सुंदर गोष्टी हाती लागतात. शहराचे 100 सेकंद त्याला 200 सेकंद वाटतील. ओळखीचे रंग अवरक्तात, म्हणजे तांबड्याच्याही पलीकडे, सरकून नाहीसे होतील, आणि एरवी न दिसणारे, सूर्यप्रकाशातले जंबुपार किरण त्याला नारिंगी-तांबडे दिसू लागतील. मे महिन्यातील सकाळ त्याच्यापुरती मंद तांबूस होईल. तेव्हा मंचावरचा पांढरा प्रकाश उतरवून तांबूस, क्षीण प्रकाश आणा. आवाजाचे काम तर आणखी सोपे आहे. कंपने निम्मी झाली, की स्वर बरोबर एक सप्तक खाली उतरतो आणि लय निम्मी होते. ध्वनिमुद्रण निम्म्या गतीने वाजवले, की काम झाले. बाईचा आवाज पुरुषी वाटेल, पक्ष्यांचा आवाज घोगरा होईल. हे सारे बाहेरच्या जगाचे आवाज आहेत, त्याचा स्वतःचा आवाज त्याला नेहमीसारखाच ऐकू येईल, एवढे मात्र सांभाळा.

आणखी एक गोष्ट संहितेत यावी असे वाटते. असे कडे वापरणाऱ्याचे वयही दुप्पट गतीने वाढते. परीक्षेच्या अभ्यासासाठी त्याने ते रोज बाहेरचे सहा तास चालू ठेवले, तर त्याला दररोज सहा तास जास्त मिळतील, पण वर्षाच्या अखेरीस तो आपल्या मित्रांपेक्षा तीन महिन्यांनी मोठा झालेला असेल, आणि चार वर्षांनी पदवी घेताना एका वर्षाने. त्याला भूकही जास्त लागेल. आईला हे सर्वांच्या आधी कळेल, असे मला वाटते.

प्रश्न : मी उद्यमनगरात लेथवर काम करतो. काळ मंद करणारे यंत्र खिशात मावेल एवढे करता येईल का? आकार आणि वजन साधारण किती धरावे?

उत्तर : आकाराची अडचण नाही, वजनाची आहे. जड वस्तूच्या जवळ काळ मंद चालतो, हे खरे आहे. मात्र तो निम्म्या गतीने चालावा असे वाटत असेल, तर काय लागेल ते पाहू. सगळ्या पृथ्वीचे वस्तुमान दाबून सुमारे 9 मिलीमीटर त्रिज्येत, म्हणजे मुलांच्या खेळातील गोटीएवढ्या जागेत कोंबले, तर त्याचे कृष्णविवर होते. त्याच्या केंद्रापासून सुमारे 12 मिलीमीटरवर काळ निम्म्या गतीने चालेल. आकार खिशाजोगा आहे, पण वजन पृथ्वीएवढे. आणि परिणाम फार थोड्या अंतरापुरता : हातभर दूर, 60 सेंटीमीटरवर, काळ जेमतेम पाऊण टक्क्याने मंद असेल, परंतु तेथील ओढ पृथ्वीवरील गुरुत्वाच्या सुमारे शंभर लाख कोटी पट असेल. तिच्यापुढे कोणतेही ओतकाम किंवा पोलाद टिकणार नाही, मग माणसाचे काय!

वेगाचा मार्ग घेतला, तर सेकंदाला सुमारे 2 लाख 60 हजार किलोमीटर वेगाने जावे लागेल. 60 किलो वजनाच्या माणसाला तो वेग देण्यासाठी लागणारी ऊर्जा आपल्या देशात वर्षभरात तयार होणाऱ्या विजेच्या जवळपास जाते.

तरीही काळाच्या बदलत्या गतीचा हिशेब ठेवणारे एक यंत्र आज तुमच्या खिशात आहे. मोबाईलला स्थान सांगणारे जीपीएसचे उपग्रह सुमारे 20 हजार किलोमीटर उंचीवर आहेत. तेथे गुरुत्व कमी असल्याने त्यांची घड्याळे दिवसाला 45 मायक्रोसेकंद (सेकंदाचा दहा लाखावा भाग म्हणजे एक मायक्रोसेकंद) पुढे जातात आणि वेगामुळे 7 मायक्रोसेकंद मागे पडतात. म्हणजे एकूण 38 मायक्रोसेकंद पुढे. ही दुरुस्ती केली नाही, तर स्थानातील चूक दिवसाला दहा-अकरा किलोमीटरने वाढत जाईल. लेथवर शतांश मिलीमीटर सांभाळणाऱ्या माणसाला या दुरुस्तीचे मोल अधिक कळेल.

प्रश्न : मी कसबा बावड्यातील ज्येष्ठ वाचक आहे. राजा ककुद्मी आपली कन्या रेवती हिला घेऊन ब्रह्मलोकी गेला आणि तेथे गाणे संपेपर्यंत थांबला, तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटली, ही कथा आपण जाणताच. आपल्या पूर्वजांना कालविस्तार, म्हणजे काळाचे मंदावणे, ठाऊक होता, असे यावरून म्हणता येईल का?

उत्तर : दोन ठिकाणी काळ वेगवेगळ्या गतीने चालू शकतो ही कल्पना त्यांच्या मनाला शिवली होती, एवढे आदराने म्हणता येईल. सिद्धान्त म्हणण्यासाठी मात्र काळ का मंद होतो याचे कारण आणि किती मंद होतो याचे माप लागते, आणि कथा ते देत नाही. या कथेतील दोन गोष्टी मला मोलाच्या वाटतात. रेवतीला स्वतःला काहीच वेगळे जाणवत नाही. गाणे गाण्याएवढेच लांब वाटते. आणि ब्रह्मदेवसुद्धा तिला मागे पाठवत नाही. जुने सारे गेले हे सांगून तो तिला त्याच नव्या युगात, बलरामाकडे पाठवतो. मागे जाण्याचा मार्ग कथाकाराने देवाच्याही हाती ठेवलेला नाही. आजच्या लेखकांनी हा संयम अवश्य घ्यावा.

प्रश्न : मी पन्हाळा तालुक्यातील प्राथमिक शाळेत शिक्षिका आहे. कालयंत्राच्या गोष्टी मुलांना फार आवडतात. गोष्टीनंतर त्यांना खरे असे काही दाखवता येईल का?

उत्तर : येईल, आणि त्याची सुरुवात तुमच्या गडापासूनच करता येईल. पन्हाळा भोवतालच्या सपाटीपेक्षा सुमारे 400 मीटर उंच आहे असे धरले, तर गडावरचे घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा दिवसाला जवळजवळ 4 नॅनोसेकंद (सेकंदाचा अब्जावा भाग म्हणजे एक नॅनोसेकंद) पुढे जाते. गडावर शंभर वर्षे राहिलेल्या माणसाचे वय पायथ्याच्या माणसापेक्षा सेकंदाच्या सुमारे सात हजाराव्या भागाने जास्त भरेल. हा फरक फारच लहान वाटतो, पण आजची सर्वोत्तम घड्याळे एका मिलीमीटर उंचीने पडणारा फरकही ओळखू शकतात. 1971 मध्ये दोन अमेरिकी शास्त्रज्ञांनी आण्विक घड्याळे नेहमीच्या प्रवासी विमानांत ठेवून पृथ्वीभोवती फिरवली. पश्चिमेकडे गेलेली घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा सुमारे 273 नॅनोसेकंद पुढे गेली आणि पूर्वेकडे गेलेली सुमारे 59 नॅनोसेकंद मागे पडली. मुलांना हे सांगताना ती घड्याळे बाकीच्या प्रवाशांसोबत विमानात बसून गेली, हे आवर्जून सांगा. त्यांना ते लक्षात राहील.

अंबाबाईच्या किरणोत्सवाला मुलांना घेऊन जाणार असाल, तर आणखी एक गोष्ट दाखवता येईल. 31 जानेवारीला आणि 9 नोव्हेंबरला मावळतीचे किरण देवीच्या चरणांपर्यंत येतात, तेव्हा ते किरण सूर्यापासून 8 मिनिटे 20 सेकंद आधी, म्हणजे सुमारे एकवीस पळे आधी निघालेले असतात. मुले त्या क्षणी एकवीस पळांपूर्वीचा सूर्य पाहत असतात. भूतकाळ असा पाहता येतो, पण त्यात हात घालता येत नाही, हा फरक त्यांना तेथे सहज समजेल.

शाळेत मात्र कोणत्याही साहित्याशिवाय करण्याजोगे एक काम आहे. अवकाशातून येणारे किरण हवेच्या वरच्या थरावर आदळून म्युऑन नावाचे कण तयार होतात. ते साधारण 15 किलोमीटर उंचीवर जन्मतात आणि त्यांचे आयुष्य सरासरी 2.2 मायक्रोसेकंद असते. तेवढ्यात प्रकाशाच्या वेगानेही ते सुमारे 660 मीटरच येऊ शकले असते. परंतु प्रचंड वेगामुळे आपल्या दृष्टीने त्यांचे घड्याळ कित्येक पट मंद चालते, आणि म्हणून ते जमिनीपर्यंत पोहोचतात. आपल्या उघड्या तळहातातून दर सेकंदाला साधारण एक म्युऑन आरपार जातो. मुलांना पटांगणात उभे करा, तळहात आकाशाकडे धरायला लावा आणि चोवीसपर्यंत सावकाश मोजायला सांगा. एक पळ होईल, आणि तेवढ्यात प्रत्येकाच्या हातातून वीस-पंचवीस म्युऑन निघून गेलेले असतील.